आधी आमचे बाकडे परत द्या

मा. संपादक,
स. न. वि. वि.

दि. २८ नोव्हेंबरचा आपला अग्रलेख वाचला. काल वाचला, आज लिहितो आहे, कारण काल लिहिले असते तर आपण ते छापले नसते.

अहमदाबादला २०३० च्या राष्ट्रकुल स्पर्धा मिळाल्याचा आपल्याला आनंद झाला. मलाही झाला. माझी धाकटी बहीण चाळीस वर्षे तिथे मणिनगरला राहते. ग्लासगोला हा निर्णय झाल्याची बातमी टीव्हीवर संपायच्या आत तिचा फोन आला होता. तेव्हा मी खेळांच्या किंवा त्या शहराच्या विरोधात लिहितो आहे असा समज कृपया करून घेऊ नये. माझे भांडण आपल्या शेवटून दुसऱ्या परिच्छेदाशी आहे. दिल्लीने २०१० च्या राष्ट्रकुल स्पर्धांत केलेल्या चुका अहमदाबादने टाळाव्यात आणि २००८ च्या युवा राष्ट्रकुल स्पर्धा भरवणाऱ्या पुण्याचा कित्ता गिरवावा, कारण पुण्यात त्या खेळांची ‘लेगसी’ आजही दिसते, असे आपण म्हणता.

दिसते ना. फक्त कुठे उभे राहून बघता त्यावर आहे. मी गेली सतरा वर्षे उभाच आहे.

बालेवाडीकडे जाणाऱ्या रस्त्यावर आमचा बसथांबा आहे. तिथे पत्र्याची शेड आणि तिच्याखाली शहाबादी फरशीचे बाकडे होते. दोन्ही गोष्टी सरकारी नव्हत्या. जवळच्याच एका शेतकरी कुटुंबाने आईच्या स्मरणार्थ स्वतःच्या पैशाने बांधून दिल्या होत्या. फरशीवर त्या माउलीचे नाव कोरलेले होते आणि वर्षानुवर्षे लोकांनी बसून बसून त्यातली अर्धी अक्षरे गुळगुळीत झाली होती. कोणाच्या स्मरणार्थ काही करावे तर ते असे. उन्हाळ्यात दुपारी त्या फरशीवर टेकले की पाठीपर्यंत गारवा जायचा. माझी बायको तिथून नोकरीला जायची, मुलीने दहावीचा अर्धा इतिहास तिथे बसून पाठ केला, आणि माणकडून भाजी घेऊन येणाऱ्या एक मावशी पाटी खाली ठेवून आधी बाकड्यावरून पदराने हात फिरवायच्या, मग बसायच्या.

२००८ च्या सप्टेंबरात एका रात्री अकराच्या सुमारास जेसीबी आला. युवा राष्ट्रकुल स्पर्धा १२ ऑक्टोबरला सुरू व्हायच्या होत्या, रस्ता ‘सुशोभित’ होत होता. आम्ही चार-पाच जण खाली उतरलो. मुकादम सज्जन होता. म्हणाला, “काका, पंधरा दिवसांचा प्रश्न आहे. खेळ झाले की आहे तिथे आहे तसं बसवून देतो.” फरशी फुटू नये म्हणून त्याने खाली पोती टाकायला लावली, एवढेच नव्हे तर आमच्यातल्या एकाने टेम्पोत ती उचलून ठेवायला हातही लावला. तो एक जण मी होतो. पाहुणे येणार म्हटल्यावर आपण घरातला पसारा पलंगाखाली सारतोच, असा मी तेव्हा विचार केला. पलंगच परत येणार नाही, हे कोणी सांगितले नव्हते.

शेडच्या जागी शेवंतीच्या कुंड्या आल्या आणि त्यांच्यामागे जिगरचा फलक. जिगर म्हणजे त्या खेळांचा शुभंकर वाघ, दिल्लीच्या २०१० च्या खेळांतल्या शेरा वाघाचा धाकटा भाऊ. आजच्या मुलांना दोघेही माहीत नसतील. कुंड्या दिवाळीपर्यंत टिकल्या. जिगर मात्र पुढच्या पावसाळ्यातही होता, रंग उडालेला, एका कानाने लोंबणारा. २००९ च्या विधानसभेला त्याच्या तोंडावर एका उमेदवाराचे तोंड चिकटले. मग तो फलकही गेला. तेव्हापासून तिथे एक खांब आहे. त्या खांबाच्या सावलीत किती माणसे मावतात हे मी आपल्याला उन्हाळ्यातल्या कोणत्याही दिवशी दाखवू शकतो. एकामागे एक उभे राहावे लागते.

संबंधित कचेरीला मी पत्रे लिहिली. कचेरीचे नाव लिहीत नाही. लिहिले तर आपण कापता, हे माझ्या मागच्या दोन पत्रांवरून कळले आहे. पहिले उत्तर ‘काम प्रगतिपथावर आहे’ असे होते. दुसरे उत्तर आले नाही. शेवटी दहा रुपयांचे कोर्ट फीचे तिकीट लावून माहितीच्या अधिकारात विचारले, तेव्हा कळले की सदर ठिकाणी शेड व बाकडे असल्याची नोंद अभिलेखात आढळून येत नाही. बरोबरच आहे. सरकारने बांधलेच नव्हते तर नोंद कुठून असणार? आणि जे नव्हतेच ते काढले तरी कसे? इतके चोख तर्कशास्त्र मला कॉलेजातही कोणी शिकवले नव्हते. हल्ली विचारायला गेले की मेट्रोकडे बोट दाखवतात: ते काम पुरे होऊ द्या, मग बघू. मधल्या काळात माझ्या बायकोचा गुडघा बदलून झाला.

आता खेळांबद्दल. ते उत्तम झाले. मी स्वतः भाच्याला घेऊन एका संध्याकाळी मैदानी स्पर्धा पाहायला गेलो होतो. कुठल्याशा लहान बेटावरून आलेला एक पोरगा सगळ्यांत शेवटी, चांगलाच मागे पडून पोचला. त्याला पहिल्यापेक्षा मोठ्या टाळ्या मिळाल्या, आणि तो बावरून वळून बघत होता की मागून आणखी कोणी येते आहे की काय. त्या संध्याकाळी पुणेकर असल्याचा मला अभिमान वाटला. भारत पदकतालिकेत पहिला आला होता, तोही आनंद होताच. बालेवाडीचे संकुल मुळात १९९४ च्या राष्ट्रीय खेळांसाठी उभे राहिले, २००८ ला त्याची डागडुजी होऊन भर पडली, हे सगळे मान्य. आमचे खासदार आणि ऑलिम्पिक संघटनेचे अध्यक्ष तेव्हा एकच होते, त्यामुळे पैशाला तोटा नव्हता असे लोक म्हणत. मी फक्त एका बाकड्याचा हिशेब मागतो आहे.

दिल्लीला आपण नावे ठेवता. २१ सप्टेंबर २०१० ला नेहरू स्टेडियमजवळचा पादचारी पूल कोसळला, मजूर जखमी झाले, जगभर नाचक्की झाली. पण मग लष्कराला बोलावले आणि काही दिवसांत दुसरा पूल उभा राहिला. ही दिल्लीची चूक असेल तर ती पुण्याने जरूर करावी. आमच्या थांब्यावर एक तुकडी आली तर चहा माझ्याकडून.

शिवाय अहमदाबादने हे यजमानपद ‘खेचून आणले’ असे आपले शब्द आहेत. शर्यतीत नायजेरियाचे अबुजा होते, नाही असे नाही. पण २०२६ च्या राष्ट्रकुल स्पर्धांचे यजमान ठरलेल्या ऑस्ट्रेलियाच्या व्हिक्टोरिया राज्याने २०२३ मध्ये खर्चाचा आकडा बघून हात झटकले, अंग काढून घेण्यापायी ३८ कोटी ऑस्ट्रेलियन डॉलरची भरपाई मोजली, आणि शेवटी ग्लासगोने फक्त १० खेळ आणि आहेत तीच मैदाने या अटीवर त्या वर्षीच्या जुलैतली पंगत आपल्याकडे घेतली. त्या पंगतीत आपली हॉकी नाही, कुस्ती नाही, बॅडमिंटन नाही, नेमबाजी नाही. हे आपल्या अग्रलेखात एका ओळीने तरी यायला हवे होते. १९३० साली कॅनडातल्या हॅमिल्टनला सुरू झालेल्या स्पर्धांची शंभरी आपल्याकडे होते आहे ही शोभेची गोष्ट खरीच. पण जे आमंत्रण इतरांनी परत पाठवले, ते ‘खेचून आणले’ कसे म्हणायचे, ते जाणकारांनी सांगावे.

बहिणीला मी फोनवर म्हटले, मोटेराच्या स्टेडियममध्ये १ लाख ३२ हजार माणसे बसतील, त्याची काळजी सोड. तुमच्या बसथांब्यावर किती बसतात ते आत्ताच मोजून, फोटो काढून ठेव. ती हसली. तिला वाटले, दादाचे नेहमीचे. तारखेसकट काढ म्हटले, आणि नोंद कुठल्या दप्तरात आहे तेही बघून ठेव. त्यावर तिने विषय बदलला.

एक वेगळी गोष्ट, विषय निघालाच आहे म्हणून. आपल्या अग्रलेखात ‘लेगसी’ पाच वेळा आणि ‘व्हेन्यू’ तीन वेळा आले आहे. मोजले, वेळ आहे. ‘स्पर्धास्थळ’ लिहिल्याने शाई जास्त लागते काय? वारसा म्हटले की वारस कोण असा प्रश्न निघतो, म्हणून तो शब्द टाळत असाल तर समजू शकतो. १९८२ च्या एशियाडने आमच्या आळीत पहिला रंगीत टीव्ही आणला, शेजाऱ्यांकडे; अप्पू हत्ती आम्ही त्यांच्या ओसरीवर दाटीवाटीने बसून रंगात पाहिला. त्याला कोणी लेगसी म्हटले नव्हते, तरी ती समजली. आणि हो, रविवारच्या अंकाला पहिल्या पानाच्या जागी जी अख्खी जाहिरात गुंडाळून येते तिच्यामुळे बातमी तिसऱ्या पानावर सापडते. वर्गणी मात्र पहिल्या पानाची घेता.

पुण्याचा कित्ता गिरवायला सांगण्याआधी आपल्या एखाद्या वार्ताहराला सकाळी पावणेआठला आमच्या थांब्यावर पाठवावे. हिंजवडीची गाडी वेळेवर येत नाही, त्यामुळे निवांत बोलता येईल. उभ्याने.

सोबत २००६ सालचा एक फोटो जोडला आहे. बाकडे स्पष्ट दिसते. त्यावर बसलेली शाळकरी मुलगी माझी, तिचा चेहरा छापू नये. ही मूळ प्रत आहे, दुसरी माझ्याकडे नाही. काम झाले की परत पाठवावी. मागच्या पत्राबरोबर पाठवलेला फोटो अजून आलेला नाही.

आपला,
एक जुना वाचक, पुणे
२९ नोव्हेंबर २०२५