लाळेचा नमुना व जनुकीय माहिती नष्ट करण्याबाबत तक्रार

पुणे, 12 जानेवारी 2026

प्रति,
तक्रार निवारण अधिकारी

महोदय,

माझ्या साठीला मुलीने तुमचं डीएनए चाचणीचं किट भेट दिलं. अर्धा तास चहा टाळून मी नळीत लाळ भरली आणि कुरियरने पाठवली. अहवालात मधुमेहाचा धोका निघाला. आमच्या घरात ते सांगायला प्रयोगशाळा लागत नाही, पण त्याबद्दल तक्रार नाही.

तक्रार आहे ती गेल्या महिन्यातल्या ईमेलबद्दल. कंपनी विकली गेली, तर ग्राहकांची जनुकीय माहिती 'व्यवसायाची मालमत्ता' म्हणून नव्या मालकाकडे जाईल, असं त्यात तेविसाव्या परिच्छेदात लिहिलंय. मी पैसे भरून चाचणी करून घेतली, तुमच्या ताळेबंदात भर घालायला नाही. अमेरिकेतल्या ट्वेंटीथ्री-अँड-मी या डीएनए चाचणी कंपनीने मार्च 2025 मध्ये दिवाळखोरीचा अर्ज केला, तेव्हा बोली लावणाऱ्यांचा डोळा दीड कोटी ग्राहकांच्या माहितीवरच होता. त्याआधी 2023 मध्ये तिथून सुमारे 69 लाख लोकांची माहिती चोरीला गेली होती.

धाकट्या भावाला हे सांगितलं, तर तो उखडलाच. "ताई, तुझ्याबरोबर माझंही निम्मं गेलं की!" खरंच आहे, सख्ख्या भावंडांचा साधारण निम्मा डीएनए सारखाच असतो. 2018 साली कॅलिफोर्नियातला एक जुना खुनी दूरच्या नातेवाइकांच्या डीएनएवरून सापडला. त्याने स्वतः कुठलं किट मागवलं नव्हतं. तो सापडला, बरंच झालं. पण उद्या विमा कंपनीने हाच रस्ता धरला तर? भावाची संमती तुम्ही घेतली नाहीत आणि ती देण्याचा हक्क मलाही नव्हता, हे मला फार उशिरा कळलं.

सगळं नष्ट करा, असं मी दोनदा कळवलं. उत्तर आलं, "मॅडम, तुमचं खातं डिलीट झालंय." अहो, खातं गेलं, नळीचं काय? 2023 चा डेटा संरक्षण कायदा म्हणतो, की संमती देणं जितकं सोपं, तितकंच ती मागे घेणंही सोपं हवं. त्याची सगळी कलमं अजून लागू नाहीत, हे तुमचे वकील सांगतीलच. 'संशोधनासाठी संमती'च्या चौकटीत आधीच बरोबरची खूण कोणी करून ठेवली होती, हेही त्यांनाच विचारा.

उरलेली लाळ नष्ट केल्याचं लेखी पत्र आणि माझी माहिती आजवर कोणाकोणाला, किती पैशांत दिली, त्याची यादी मला पंधरा दिवसांत हवी. नाव काढून दिलेली असली तरीही. नाहीतर मी ग्राहक आयोगात जाईन.

आपली,
एक ग्राहक

सोबत : पावती व दोन्ही ईमेलच्या प्रती

ता. क. : भावाचं वेगळं पत्र येतंय. तो तुमचा ग्राहक नाही, त्यामुळे त्याला कोणत्या रकान्यात बसवायचं ते तुम्हीच ठरवा.