अक्ष आखण्याआधी छेदनबिंदू : इंदूरच्या काकांना आभारपत्र

आदरणीय काका,
सप्रेम नमस्कार.

रेषीय समीकरणांचा आलेख कसा काढावा, यावर रामबागेतल्या मुलांसाठी तुम्ही दोन पानं लिहून दिलीत, आणि दर शनिवारी शेजारी बसून मुलांकडून ती करूनही घेतलीत. आम्ही इथे नववी-दहावीला गणित शिकवतो. नुसतं 'धन्यवाद' म्हणून भागणार नाही. त्या पानांतलं काय आणि का उपयोगी पडतं, ते सगळ्यांसमोर सांगावं म्हणून हे पत्र.

सर्वांत मोठे आभार तुमच्या पहिल्या ओळीचे : 'अक्ष आखण्याआधी छेदनबिंदू काढा', म्हणजे रेषा दोन्ही अक्षांना जिथे भेटते ते बिंदू. वह्यांमध्ये नेमकं उलटं होतं. कागदाच्या मधोमध दोन अक्ष आखले जातात, कोपऱ्यात '१ सेंमी = १ एकक' लिहिलं जातं, आणि मग ५क्ष + २य = १०० समोर येतं. य = ० घेतला की क्ष = २०, क्ष = ० घेतला की य = ५०. पन्नास सेंटीमीटर कागदावर मावत नाहीत. सगळं खोडून पुन्हा आखावं लागतं. हेच दोन आकडे आधी हाती असले तर प्रमाण तेच ठरवतात : १ सेंमी = ५ एकक. रेषा अक्षांना ४ सेंमी आणि १० सेंमीवर भेटणार, दोन्ही धन बाजूंना, म्हणून आरंभबिंदू खाली डावीकडे घ्यायचा.

एक पद बोटानं झाकून छेदनबिंदू काढण्याची युक्ती तशी जुनी आहे. ३क्ष + ४य = २४ मध्ये ४य झाकलं की ३क्ष = २४ उरतं, क्ष = ८; ३क्ष झाकलं की ४य = २४, य = ६. पण ती फसते कुठे, हे इतकं बारकाईनं लिहिलेलं आम्ही पाहिलं नव्हतं. २क्ष − ५य = १० मध्ये २क्ष झाकताना बोट उणेचिन्हावरही जातं. मग उरतं ५य = १०, आणि य = २. खरं उत्तर −२. एवढ्या चुकीनं रेषेचा रोखच बदलतो : (५, ०) आणि (०, −२) मधून ती उजवीकडे चढायला हवी, तर (०, २) घेतल्यानं उतरते. म्हणून तुम्ही बोटाऐवजी कागदाची अरुंद पट्टी दिलीत आणि लिहिलंत, 'चिन्ह पुढच्या पदाचं आहे, मागच्याचं नाही.' तसंच ३क्ष + ४य − २४ = ० अशा मांडणीत आधी २४ पलीकडे न्यायचे, मगच झाकायचं; नाहीतर घाईत क्ष = −८ येतो.

दुसरी नेहमीची चूक जोडी उलटी लिहिण्याची. क्ष = ० घेऊन य = ६ काढला जातो आणि बिंदू मात्र (६, ०) वर पडतो. तुमचा उपाय साधा आहे : गणित सोडवण्याआधीच शून्यं भरून ठेवायची, ( _ , ०) आणि (०, _ ). रिकामी जागा एकच राहते, आकडा चुकीच्या घरात जायला वाव उरत नाही.

तिसऱ्या बिंदूचा आग्रह तुम्ही धरलात, तो आम्हीही आता सोडणार नाही. दोन बिंदूंतून रेषा जातेच, मग ते बिंदू चुकीचे का असेनात. तिसरा बिंदूच चूक पकडतो. ३क्ष + ४य = २४ साठी (४, ३) चालेल, पण (−४, ९) अधिक चांगला, कारण तो छेदनबिंदूंच्या बाहेर पडतो आणि मोजपट्टी जरा कलली तरी लगेच दिसतं. बिंदू जवळजवळ घेण्यातला धोकाही तुम्ही मोजून दाखवलात : १ सेंमी अंतरावरच्या दोन बिंदूंपैकी एक अर्धा मिलीमीटर सरकला, तर १० सेंमीवर रेषा ५ मिलीमीटर चुकते. पेन्सिलीला टोक काढायला लावण्यामागचं कारण मुलांना त्या दिवशी पटलं.

आणि पोहे-जिलबीचं उदाहरण! समजा, पोह्यांची प्लेट २० रुपये, जिलबीची ३०, खिशात २४०. २०क्ष + ३०य = २४०. एक छेदनबिंदू (१२, ०), सगळे पोहेच. दुसरा (०, ८), सगळी जिलबीच. मधल्या (३, ६), (६, ४), (९, २) या जोड्यांत तीन प्लेट पोहे कमी केले की दोन प्लेट जिलबी वाढते. अर्धी प्लेट मिळत नाही, म्हणून इथे रेषेवरचे हे पाचच बिंदू कामाचे, आणि अक्षांपलीकडच्या रेषेला अर्थ नाही. इंदूरच्या मुलाला छेदनबिंदूचा अर्थ याहून सोपा करून सांगता येईल असं आम्हाला वाटत नाही.

ही पद्धत कुठे सोडायची, तेही तुम्ही लिहिलंत. ३क्ष − २य = ० ची रेषा आरंभबिंदूतून जाते, दोन्ही छेदनबिंदू एकच; मग (४, ६) सारखा लांबचा बिंदू घ्यायचा. य = ४ ही रेषा क्ष-अक्षाला भेटतच नाही.

एक विनंती. दुसऱ्या पानाच्या तळाशी थोडी जागा आहे. तिथे २क्ष + ३य = ७ घालावं का? त्याचे छेदनबिंदू ३.५ आणि २.३३… येतात. पहिला मिलीमीटरच्या घरांवर बरोबर बसतो, दुसरा बसत नाही, आणि मुलं तो अंदाजानं टेकवतात. त्यापेक्षा (−१, ३), (२, १), (५, −१) हे पूर्णांकी बिंदू बरे. तुमचा होकार आला की शनिवारच्या आत नव्या झेरॉक्स काढून ठेवतो.

आपले,
रामबागेत गणित शिकवणारे आम्ही सगळे
इंदूर