तक्रार पत्र: कार्लॅकला विकलं कुणी, हे तरी नीट लिहा

प्रति,
प्रमुख, ग्राहक तक्रार विभाग,
गेम-गाईड ॲपचं कार्यालय

विषय: बाल्डर्स गेट ३ च्या मराठी वॉकथ्रूमधलं कार्लॅकचं प्रकरण, चुकीचा मजकूर, उलटा क्रम आणि वर्गणीचा परतावा

महोदय / महोदया,

आम्ही बेळगाव, खानापूर आणि निपाणी भागातले आपल्या ॲपच्या मराठी आवृत्तीचे वर्गणीदार. बाल्डर्स गेट ३ या व्हिडिओ गेममध्ये मराठी नाही, हिंदी नाही, कानडीही नाही. संवाद इंग्रजीत ऐकायचे आणि पुढे काय करायचं ते आपल्या भाषेत वाचायचं, एवढ्यासाठीच लोक तुमच्याकडे पैसे भरतात. तुमच्या वॉकथ्रूत, म्हणजे गेम कसा खेळायचा ते सांगणाऱ्या मजकुरात, कार्लॅक या खेळाडूच्या सोबतिणीच्या प्रकरणात मराठी अक्षरं आहेत, पण कुणी कुणाचं काय केलं हे उलटं आहे आणि आधी काय, मग काय हेही उलटं आहे.

प्रकरणाच्या दुसऱ्याच ओळीत तुम्ही लिहिलंय: ‘कार्लॅकने आपला मालक गोर्टॅश याला झॅरिएलकडे विकले.’ विकणारा गोर्टॅश आहे. कार्लॅक त्याची अंगरक्षक होती, त्याच्यावर विश्वास ठेवून होती, आणि त्यानेच तिला अव्हर्नस या नरकावर राज्य करणाऱ्या झॅरिएलच्या हवाली केलं. तिथे तिचं हृदय काढून छातीत नरकातलं इंजिन बसवलं आणि दहा वर्षं ब्लड वॉरमध्ये, म्हणजे सैतान आणि राक्षसांच्या अखंड युद्धात, लढवलं. इंजिन सतत पेटलेलं, म्हणून जवळ येईल त्याला चटका. दहा वर्षांत तिला कुणी मिठी मारलेली नाही, आणि तिच्या क्वेस्टचा, म्हणजे तिच्या कथेच्या मोहिमेचा, सगळा जीव त्यात आहे. तुमच्या एका ‘ने’ने आणि एका ‘ला’ने ती पीडित होती ती दलाल झाली. शेजारच्या मित्रांकडे तुमचीच कानडी आवृत्ती आहे. तिथे हे वाक्य बरोबर आहे, म्हणजे चूक मूळ मजकुरातली नाही, मराठी करतानाची आहे. पाटीवरच्या एका अक्षरावरून आमच्याकडे काय काय होतं ते तुम्हाला ठाऊक नसेल. आम्ही अक्षर जरा नीटच वाचतो.

ही नुसती व्याकरणाची कुरकुर नाही. हे वाक्य वाचून आलेला खेळाडू टोल हाऊस या जकात नाक्यावर अँडर्स नावाच्या माणसाला भेटतो. अँडर्स सांगतो, आम्ही टिर या न्यायदेवतेचे पॅलाडिन, म्हणजे धर्मयोद्धे, आहोत आणि कार्लॅक सैतान आहे, तिला मारा. तुमचं प्रकरणही तेच सांगतंय म्हटल्यावर खेळाडू जाऊन तिला मारतो. खरं तर ही मंडळी टिरची नाहीतच, झॅरिएलच्या चाकरीत आहेत. कार्लॅक मेली की सोबती गेली आणि पुढच्या दोन्ही अंकांतली तिची क्वेस्टही गेली. बरोबर क्रम असा: आधी नदीकाठी कार्लॅकला गाठायचं, तिचं बोलणं पूर्ण ऐकायचं, मग तिला बरोबर घेऊन टोल हाऊसवर जायचं. विल हा दुसरा सोबती पार्टीत, म्हणजे खेळाडूच्या चौघांच्या चमूत, असेल तर एक इशारा हवाच. ज्या सैतानिणीशी त्याचा करार आहे त्या मिझोराने त्याला कार्लॅकच्या मागावर धाडलेलं असतं. त्याने तिला सोडलं की मिझोरा छावणीत येऊन त्याला शिक्षा देते, डोक्यावर शिंगं उगवतात आणि ती कायमची. ज्याला विलचा चेहरा तसाच हवाय त्याला हे आधी कळायला नको का?

आता इस्त्री. ‘इन्फर्नल आयर्न’चं तुम्ही ‘नरकातली इस्त्री’ केलंय, सलग सात ठिकाणी. एके ठिकाणी तर ‘लोहार डॅमनला इस्त्री द्या, तो हृदय गरम करून देईल’. कानडी आवृत्तीत साधं ‘कब्बिण’ आहे, मराठीत ‘लोखंड’ म्हणायला काय हरकत होती? शिवाय या लोखंडाच्या नोंदीखाली ‘पुढे उपयोग नाही, विकून टाका’ असंही आहे. कार्लॅकला दोन तुकडे लागतात. पहिला एमराल्ड ग्रोव्ह या निर्वासितांच्या आसऱ्यात डॅमनकडे द्यायचा. बोलताना कार्लॅक पार्टीत हवी, छावणीत नको. ग्रोव्हच्या शत्रू गॉब्लिनांचे पुढारी मारून निर्वासितांचा जल्लोष झाला की डॅमन ग्रोव्ह सोडून जातो. पहिलं काम त्याआधी उरकलेलं बरं. पहिल्या दुरुस्तीने चटका जात नाही, इंजिनाला नुसता आधार मिळतो. दुसऱ्या तुकड्यानंतर मात्र तिला कुणालाही हात लावता येतो. आणि गॉब्लिनांच्या बाजूने ग्रोव्ह लुटला तर डॅमनही जातो आणि कार्लॅकही. हे कुठेच नाही.

सगळ्यात मोठी चूक दुसऱ्या अंकात आहे, आणि आम्ही पत्र लिहितोय ते मुख्यतः तिच्यामुळे. तुम्ही लिहिता: ‘लास्ट लाईट इनमध्ये पोहोचताच जिन्याने वर जा, इझोबेलचा आशीर्वाद घ्या, मग खाली तबेल्यात डॅमनला भेटा.’ ही इन म्हणजे शापित प्रदेशातली सराई, आणि इझोबेल तिथली पुजारीण. वर तिच्याशी बोलणं झालं की शत्रूचा माणूस मार्कस येतो, पंखवाल्या राक्षसांसकट, आणि तिला पळवायला बघतो. तिचे प्राण शून्यावर आले की तिला उचलून नेतात. तिच्याच बळावर इनभोवतीचं चांदण्याचं कवच उभं असतं. ते पडलं की आतली माणसं अंधाराच्या शापाने जातात, डॅमनसकट. मग तुमचं ‘मग खाली’ कुणाला भेटायला? दुसरी दुरुस्ती नाही, मिठी नाही, कार्लॅक शेवटपर्यंत पेटलेलीच राहते.

म्हणून आधी तबेला, मग जिना. लोखंड डॅमनला द्यायचं, कार्लॅकचं काम करून घ्यायचं, मग एफ५ दाबून सेव्ह करायचं आणि वर जायचं. वर जाण्याआधी चौघांना वेगळं करून एकटाच इझोबेलशी बोलेल आणि बाकी तिघे तिच्या भोवती उभे राहतील अशी मांडणी करावी. पार्टी खालीच राहिली तर पहिल्या फेरीत निम्मी धावपळ जिन्यातच जाते. तिच्यावर सँक्च्युअरी हा संरक्षणाचा मंत्र टाकण्याचा तुमचा सल्ला अर्धाच आहे: इझोबेल स्वतः लढते, हल्ला केला की ते संरक्षण तुटतं. ऑनर मोड या सगळ्यात कठीण पातळीत एकच सेव्ह असते. तिथे तुमच्या क्रमाने गेलेल्याला मागे फिरायला वाट नाही.

सोल कॉइनला, म्हणजे आत्मा कोंडलेल्या नाण्याला, तुम्ही ‘आत्म्याची चिल्लर’ म्हणता आणि दुकानात मोडायला सांगता. नावाचं हसू येतं, सल्ल्याचं येत नाही. कार्लॅकने एक नाणं खर्च केलं की पुढच्या लाँग रेस्टपर्यंत (रात्रीच्या पूर्ण विश्रांतीपर्यंत), ती रेजमध्ये, म्हणजे लढाईतल्या संतापाच्या अवस्थेत, असताना किंवा प्राण पाव हिश्श्यावर उतरले असताना, तिच्या घावाला १ डी४ (चार बाजूंच्या फाशाची एक फेक) आगीचं जादा नुकसान जोडलं जातं.

तिसऱ्या अंकाबद्दल तुमच्याच दोन पानांत भांडण आहे. एकीकडे ‘तिसरी इस्त्री मिळाल्यावर हृदय पूर्ण बरे होते’, दुसरीकडे ‘कार्लॅक नेहमी मरते, उपाय नाही’. दोन्ही खोटं. बरा करणारा तिसरा तुकडा नाही. दुसऱ्या दुरुस्तीच्या वेळीच डॅमन सांगतो की हे इंजिन अव्हर्नससाठी घडवलेलं आहे, इथे ते शेवटी तिला जाळणारच. शेवटी बंदराच्या धक्क्यावर ती जळून जाऊ शकते, ती माइंड फ्लेयर हा मेंदू खाणारा राक्षस होऊ शकते, किंवा विल अथवा खेळाडू तिच्यासोबत अव्हर्नसला परत जाऊ शकतो. गेम पीसीवर ३ ऑगस्ट २०२३ ला आला, ३१ ऑगस्टच्या दुसऱ्या पॅचमध्ये (गेमच्या सुधारणेत) तिचा शेवट वाढवला गेला आणि ३० नोव्हेंबरच्या पाचव्या पॅचमध्ये उपसंहार आला. तुमचं पान पहिल्या महिन्यातच अडकलंय, वर ‘अद्ययावत’ असा हिरवा शिक्का. गोर्टॅशशी शेवटची गाठ पडते तिथे तुम्ही कार्लॅकला छावणीत ठेवायला सांगता. तिला सोबत न्या. त्याच्या मरणानंतर ती जे बोलते, राग संपल्यावर हातात काहीच उरलेलं नाही असं, ते ऐकण्यासाठीच एवढा प्रवास असतो.

यात गेम बनवणाऱ्यांचा काही दोष नाही, तक्रार फक्त तुमच्या मजकुराबद्दल आहे. आमच्या मागण्या अशा: कार्लॅकचं प्रकरण पंधरा दिवसांत दुरुस्त करावं आणि गेम खेळलेल्या मराठी माणसाकडून तपासून घ्यावं, दुरुस्ती होईपर्यंत ‘अद्ययावत’ शिक्का काढावा, ज्यांना परतावा हवा त्यांना मराठी आवृत्तीची पूर्ण वर्गणी परत करावी. सोबत चुकीच्या पानांचे स्क्रीनशॉट आणि वर्गणीच्या पावत्या जोडल्या आहेत. उत्तर आलं नाही तर आधी राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाईन १९१५ वर नोंद करू. मग ग्राहक संरक्षण कायदा २०१९ प्रमाणे तक्रारदार राहतो त्या जिल्ह्यात, म्हणजे बेळगावच्या जिल्हा ग्राहक आयोगात, दाद मागू. पाच लाखांपर्यंतच्या दाव्याला शुल्क लागत नाही, त्यामुळे रक्कम लहान आहे म्हणून आम्ही सोडून देऊ असं समजू नये.

आपले,
बेळगाव, खानापूर व निपाणी येथील मराठी आवृत्तीचे वर्गणीदार

ता. क.: ‘पार्टी’चं ‘पक्ष’ करू नका. ‘कार्लॅकला पक्षातून काढल्यास ती नाराज होते’ हे वाक्य आमच्या भागात वेगळ्याच अर्थाने वाचलं जातंय. आणि ‘लढाईआधी वाचवा’ म्हणजे गेम सेव्ह करा, हे कळायला आम्हाला पानं तीनदा चाळावी लागली.