‘एन्स्यू’ म्हणजे ‘एन्शुअर’ नव्हे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कालच्या रविवार पुरवणीतल्या भाषेच्या सदरात इंग्रजी ‘एन्स्यू’चा (ensue) अर्थ ‘खात्री करून घेणे’ असा छापला आहे. तो चूक आहे. तो अर्थ ‘एन्शुअर’चा (ensure). ‘एन्स्यू’ म्हणजे एका गोष्टीतून ओघाने पुढची घडणे. स्पेलिंगमध्ये फरक एका ‘आर’चा, पण त्या ‘आर’पायी मी मेमो खाल्ला आहे, म्हणून हे पत्र.

१९८६ साली मी एका वाहतूक कंपनीत टंकलेखक होतो. गाड्या वेळेत रिकाम्या केल्या नाहीत तर खोळंबा होईल, असं एका गिऱ्हाइकाला कळवायचं होतं. शेवटी मी ‘डिले विल एन्स्यू’ असं टाइप केलं. साहेबांनी पेनाने मध्ये ‘आर’ घातला आणि पत्र पुन्हा टाइप करायला लावलं. मी शब्दकोश नेऊन दाखवला, त्यांनी तो उघडलासुद्धा नाही. आठवड्याभराने त्या शब्दाभोवती लाल वर्तुळ होऊन पत्र परत आलं आणि मेमो मिळाला मला. त्यांच्या अक्षरातल्या ‘आर’चा कागद मी टोपलीत टाकून दिला होता. तो जपून ठेवायला हवा होता, असं आजही वाटतं.

‘एन्शुअर’ हा ‘शुअर’च्या घरचा शब्द. ‘एन्स्यू’ जुन्या फ्रेंचमधून आला, त्याच्या मुळाशी लॅटिन ‘सेक्वी’, म्हणजे मागोमाग जाणे. सीक्वेल, कॉन्सिक्वेन्स, परस्यू हे त्याचेच भाऊबंद. ‘सेकंड’सुद्धा, म्हणजे पहिल्याच्या मागून येणारा. १६११च्या इंग्रजी बायबलात शांतता ‘एन्स्यू’ करा असं आहे, तिथे अर्थ पाठपुरावा करणे. तो वापर आता गेला. आज घटना ‘एन्स्यू’ होते, माणूस नाही. आणि नुसतं ‘नंतर घडणे’ एवढ्यानेही भागत नाही. आधीच्या गोष्टीतून ओघाने पुढची यावी लागते. चहा प्यायलो आणि पाऊस आला, तिथे हा शब्द चालणार नाही. बांध फुटला आणि पाणी गावात शिरलं, तिथे चालेल. आपल्या ‘ओढवणे’मध्ये ही छटा बरीचशी येते.

हा शब्द आपल्याला परकाही नाही. संस्कृतातला ‘सच्’ धातू, म्हणजे सोबत असणे, मागे जाणे, लॅटिन ‘सेक्वी’चा सख्खा नातेवाईक आहे. ऋग्वेदाचं पहिलंच सूक्त ‘सचस्वा नः स्वस्तये’ या शब्दांनी संपतं. ‘सचिव’ त्याच धातूचा. सदरात हे आलं असतं तर किती मुलांना शब्द कायमचा लक्षात राहिला असता!

कृपया दुरुस्ती त्याच सदरात, त्याच जागी छापावी. आतल्या पानाच्या तळाशी दोन ओळी नकोत. परीक्षेची तयारी करणारी मुलं हे सदर कापून वहीत चिकटवतात, माझी नातही.

आणि शब्दकोड्याची उत्तरं गेले दोन रविवार आलेली नाहीत, तीही द्यावीत.

आपला,
एक निवृत्त टंकलेखक, मिरज