हवल्लीच्या शेजारणीबद्दल, आई-बाबांना

विलेपार्ले, मुंबई

तीर्थरूप आई-बाबांस,
साष्टांग नमस्कार.

परवा फोनवर बाबांना सहज विचारलं, कुवेतला हवल्लीत आपण राहायचो त्या बिल्डिंगला मजले किती होते? बाबा जरा थांबले आणि म्हणाले, "चार असतील. का पाच?" तेव्हापासून मला चैन नाही. बाबा, नुसत्या आवाजावरून एसीचा कुठला भाग बिघडलाय ते तुम्ही सांगायचात. आता मजले आठवेनात, म्हणजे बाकीचंही जाणार. फोनवर हे नीट बोलता येत नाही. तुम्ही लगेच "जेवलीस का" वर येता, आणि तोवर आईने फोन घेतलेला असतो. म्हणून लिहायला बसले.

आपल्या घरात कुवेतची गोष्ट ठरलेलीच सांगितली जाते. २ ऑगस्ट १९९०, गुरुवारची पहाट. सद्दामचं सैन्य रात्रीत सरहद्द ओलांडून आत आलं, अमीर सौदीला निघून गेले, बँका बंद झाल्या. इराकने आपला दिनार आणि कुवेतचा दिनार एकाच भावाचा केला आणि बाबांची साठवण पाण्यात गेली. मग बस, वाळवंट, अम्मान आणि एअर इंडियाचं विमान. ५९ दिवसांत ४८८ फेऱ्या, लाखाच्या वर माणसं! हा आकडा सांगताना बाबांचा आवाज अजून चढतो, आणि चढलाच पाहिजे. तेव्हाचे परराष्ट्रमंत्री गुजराल बगदादला जाऊन सद्दामना मिठी मारून आले, त्या फोटोवर केवढी टीका झाली. आपल्या घरात मात्र त्यांच्याबद्दल वावगा शब्द कधी कोणी काढला नाही, आणि ते मला पटतं.

पण ती पहाट आणि ते विमान यांच्या मधले दिवस या गोष्टीत येतच नाहीत. तेव्हा आपल्याला कोणी जगवलं? मी पहिलीत होते, मला तुकडेच आठवतात. आईने खिडकीला गाद्या लावल्या होत्या. पाणी बंद होईल म्हणून टब, बादल्या, सगळी पातेली भरून ठेवली होती, आणि मला त्यात हात घालायची बंदी होती. मग तो मिसरी हारिस, बिल्डिंगचा राखणदार, दारं वाजवत वर आला आणि सगळ्यांना जिन्यात बसायला सांगून गेला, कारण जिन्याला काच नव्हती.

तो जिना मला लख्ख आठवतो. मल्याळी नर्स, हैदराबादचा ड्रायव्हर, फिलिपिनो मुलगी, दोघं बंगाली शिंपी आणि आपण. एका छपराखाली राहून कोणाला कोणाचं नाव ठाऊक नव्हतं. बाहेर काहीतरी फुटायचं आणि सगळे एकदम खाली वाकायचे. समोरच्या घरातली पॅलेस्टिनी बाई मात्र मांडीवर मूल घेऊन सरळ बसलेली असायची. आई, तू म्हणायचीस की हे सगळं तिने आधी पाहिलेलं असणार. तिच्याविषयी तू जे सांगितलंस ते पोळ्या लाटताना, धुणं वाळत घालताना, एखाद्या वाक्यात. मी ती वाक्यं साठवून ठेवली आहेत.

पहिलं, बेकरीचं. खुबूससाठी, म्हणजे तिथल्या रोटीसाठी, पुरुषांची रांग पार कोपऱ्याला वळसा घालून जायची. बाबा भर उन्हात उभे राहून रिकाम्या हाताने परत आले. दुसऱ्या दिवशी तिने तुझा हात धरून बायकांच्या रांगेत आपल्यापुढे उभं केलं आणि भट्टीवाल्याला काहीतरी सांगितलं. काय सांगितलं ते तुला कधीच कळलं नाही. पण त्या दिवसापासून आपल्यालाही खुबूस मिळायला लागले.

दुसरं, शिपाई आले तो दिवस. ते गोऱ्या आणि कुवेती माणसांच्या शोधात दार न् दार तपासत होते. बाबांचा पासपोर्ट कंपनीच्या तिजोरीत, मालक उन्हाळ्याचा परदेशी गेलेला, हातात फक्त बताका, म्हणजे तिथलं ओळखपत्र. बाबांची अरबी वर्कशॉपपुरती, त्यात समोर बंदूक. बाबा, तुमच्या तोंडून शब्द फुटेना. तेव्हा ती घरच्या कपड्यांतच बाहेर आली आणि त्या शिपायांवर मोठ्याने ओरडली, "हिंदी, हिंदी, मिस्कीन!" हिंदुस्थानी आहेत बिचारे, असं. मग त्यांच्यातल्या सगळ्यात लहानाला तिने पाणी दिलं. पोरगाच होता, असं आई म्हणते. ते खाली उतरले. बाबा, हा प्रसंग तुम्ही एकदाही सांगितलेला नाही. मला वाटतं, तुम्हाला तेव्हाची आपली भीती आठवते. मला तुमच्या भीतीचं काहीच वाटत नाही. दारात तुम्ही आम्हा दोघींच्या पुढे उभे होता, ते मी पाहिलंय.

तिसरं, निघतानाचं. बसमध्ये चढताना तिने आईच्या पिशवीत निडोचा, दुधाच्या पावडरीचा डबा कोंबला. घरात लहान मूल असताना, दुकानं लुटली गेलेली असताना. बसरा, बगदाद आणि मग इराक-जॉर्डनच्या मधल्या त्या तंबूंमध्ये पाण्याच्या टँकरमागे माणसं धावत होती, तेव्हा मी जे प्यायले ते तिच्या लेकराच्या वाटणीचं दूध होतं.

सहारला उतरल्यावर परळला मामाच्या खोलीत आपण किती जणं राहिलो, चाळीने आपल्याला कसं सांभाळलं, ते सगळ्यांना ठाऊक आहे. तिचं पुढे काय झालं हे आपण कोणी विचारलं नाही. मी आता वाचलं. कुवेतमध्ये तेव्हा सुमारे ४ लाख पॅलेस्टिनी होते, कितीतरी तिथेच जन्मलेले. त्यांचे नेते अराफात सद्दामच्या बाजूला झुकले, आणि फेब्रुवारी १९९१ मध्ये कुवेत मुक्त झाल्यावर त्याचा राग या सगळ्या लोकांवर निघाला. धरपकड झाली, मारहाण झाली, नोकऱ्या गेल्या. बहुतेकांना कुवेत सोडून जॉर्डनला जावं लागलं. ज्यांच्याकडे गाझाचे कागद होते त्यांना तर धड जायलाही जागा नव्हती. आपल्याकडे पासपोर्ट नव्हता, तरी दूतावासाने कागद करून दिला, विमान पाठवायला देश होता. तिच्यासाठी विमान कोण पाठवणार होतं?

बाबांनी नुकसानभरपाईचा फॉर्म किती मन लावून भरला होता! फ्रिज, टीव्ही, आईचं शिवणयंत्र, थकलेला पगार. संयुक्त राष्ट्रांच्या त्या आयोगाने कुवेत सोडावं लागलेल्या कुटुंबांना ५,००० किंवा ८,००० डॉलर ठरवले होते, आणि इराकच्या तेलाच्या पैशातून आयोगाची सगळी भरपाई चुकती व्हायला २०२२ उजाडलं. आपल्या पैशांतून देवरुखच्या घराचा स्लॅब पडला. तो आपला हक्कच होता. पण आपण काय गमावलं ते इतकं नीट लिहिलं गेलं, आणि ती मात्र आपल्या बोलण्यातही नाही, हे मला सहन होत नाही.

आई, २०२२ च्या फेब्रुवारीत युक्रेनमधल्या आपल्या मुलांचं पहिलं विमान बुखारेस्टहून इथे मुंबईलाच उतरलं. २१९ जणं होती. टीव्हीवर मंत्री, फुलं, कॅमेरे. तुझा फोन आला आणि पहिला प्रश्न होता, "निघताना त्यांना कोणी खायला बांधून दिलं असेल का गं?" मी तेव्हा "हो, असेल" म्हणून फोन ठेवला. आता वाटतं, त्या वेळी तुझ्या डोळ्यांपुढे तो निडोचा डबा होता. खारकीवच्या मेट्रो स्टेशनांत अनोळखी लोकांना चिकटून झोपलेली पोरं बघताना मलाही आपला जिनाच दिसत होता.

तेव्हा माझं मागणं ऐका. गणपतीला येते तेव्हा दोन दुपारी तुम्ही दोघांनी मला द्यायच्या. मी फोनवर रेकॉर्ड करीन. मला तिचं नाव हवंय, तिच्या मुलाचं हवंय, नवरा काय करायचा ते हवंय. तिची माणसं मुळातली कुठल्या गावची, ते कधी निघालं होतं का? बाबांना आठवणार नाही ते आई सांगेल, आईने न पाहिलेलं बाबा सांगतील. आठवताना कोणी रडलं तर रडू दे, मी मध्येच थांबवणार नाही.

आणि आई, पत्र्याच्या ट्रंकेत, दूतावासाच्या त्या कागदाबरोबर, तिने लिहून दिलेली एक अरबी चिठ्ठी होती. मी लहानपणी पाहिली आहे. तिच्यावर पत्ता आहे की दुवा आहे, हे आपण कोणाकडून वाचूनच घेतलं नाही. ती शोधून ठेव. फोटो काढून पाठवत बसू नका, घड्या उलगडताना फाटेल. मी इथे आणून मोहम्मद अली रोडवर अरबी जाणणाऱ्या कोणाकडून वाचून घेते. पत्ता निघाला तर तो किती जुना झालाय याचा विचार न करता त्यावर पत्र टाकणार आहे. त्यात तुमच्या दोघांकडून काय लिहायचं ते ठरवून ठेवा.

संगमेश्वरचं तिकीट काढलंय. बाबा, स्टेशनवर यायला निघू नका, मी रिक्षा करून येईन.

तुमची,
लेक