दहा नंबरचा कोलमन

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

बॉक्सिंग डे कसोटीच्या निमित्ताने मेलबर्नच्या मैदानावर आपण दिलेला लेख आवडला. त्यात त्या मैदानाला ‘क्रिकेटची पंढरी’ म्हटलं आहे, तिथे मात्र मी अडलो. मुलीकडे मेलबर्नला दोनदा हिवाळ्यात राहून आलो. त्या दिवसांत तिथे स्टंपचं नाव निघत नाही. शनिवारी गळ्यात मफलर गुंडाळून अख्खी कुटुंबं ‘फुटी’ला निघतात. ऑस्ट्रेलियन फुटबॉलला ते फुटी म्हणतात.

गंमत म्हणजे या खेळाच्या मुळाशीही संपादकांना लिहिलेलं एक पत्रच आहे. क्रिकेटपटूंनी हिवाळ्यात अंग सुस्त पडू देऊ नये, त्यासाठी फुटबॉलचा क्लब काढावा, असं टॉम विल्स या क्रिकेटपटूने 1858च्या जुलैत वृत्तपत्राला कळवलं. पुढच्याच वर्षी नियम लिहिले गेले.

पहिला सामना पाहताना मला नुसता गोंधळ दिसला. अंडाकृती चेंडू, चार खांब. मधल्या दोनांतून चेंडू मारला की गोल, म्हणजे सहा गुण, बाजूने गेला तर एक. पण लाथेने आलेला उंच चेंडू कोणी हवेत उडी घेऊन झेलला की सगळं स्टेडियम उभं राहतं. या झेलाला ‘मार्क’ म्हणतात. तो घेणाऱ्याला निवांत किक मारायला मिळते. मुलीच्या शेजारच्या आजी मला म्हणाल्या, ‘तुम्ही कोलमनला पाहायला हवं होतं.’

जॉन कोलमन एसेंडन क्लबचा, दहा नंबरच्या जर्सीचा. 1949 साली पहिल्याच सामन्यात हॉथॉर्नविरुद्ध त्याने 12 गोल केले. त्याच मोसमात अंतिम सामन्यात शंभरावा गोल मारला आणि एसेंडन विजेता ठरला. पुढच्या वर्षी 120 गोल आणि पुन्हा विजेतेपद. खांद्याखांद्याला भिडलेल्या बचावपटूंच्या डोक्यावरून तो चेंडू उचलायचा. दर डावाला बाजू बदलल्या की प्रेक्षकही त्याच्यामागे मैदानाच्या दुसऱ्या टोकाला जाऊन उभे राहत, असं सांगतात.

आपल्या वाचकांना खरं तर 1951ची गोष्ट सांगायला हवी. साखळीच्या शेवटच्या सामन्यात कार्लटनच्या हॅरी कॅस्परने त्याला मारलं, याने उलट मारलं. शिस्तपालन समितीने दोघांनाही चार-चार सामने बाहेर बसवलं. कॅस्परचं फारसं काही गेलं नाही. कोलमनचे बाद फेरीचे सगळे सामने गेले. निकाल ऐकून तो रडत बाहेर पडला. अंतिम सामन्यात एसेंडनचा प्रशिक्षक, खेळाडू म्हणून निवृत्त झालेला डिक रेनॉल्ड्स स्वतः राखीव खेळाडू म्हणून नाव लावून बसला, तरी जीलाँगने एसेंडनला 11 गुणांनी हरवलं. अकरा गुण म्हणजे दोन गोलही नाहीत, आणि कोलमनची सरासरी सामन्याला पाचाहून अधिक गोलांची! नियम सर्वांना सारखा, हे मान्य. पण डिवचणारा आणि डिवचला गेलेला यांना एकाच मापाने मोजणं मला अजून पटत नाही.

1954मध्ये फिट्झरॉयविरुद्ध एका सामन्यात 14 गोल आणि लगेच पुढच्या आठवड्यात गुडघा निखळला. वय फक्त 25. परतण्याची धडपड झाली, पण गुडघ्याने दाद दिली नाही. 98 सामने, 537 गोल. टोनी लॉकेटने पुढे 281 सामन्यांत 1360 गोल केले, तरी सरासरीत कोलमनच सरस. त्याच्या पुढे एकटा पीटर हडसन. प्रशिक्षक म्हणूनही कोलमनने 1962 आणि 1965मध्ये एसेंडनला विजेतेपद दिलं. 1973 साली, वयाच्या अवघ्या 44व्या वर्षी, हृदयविकाराने गेला.

साखळी सामन्यांत सर्वाधिक गोल करणाऱ्याला आज त्याच्याच नावाचं पदक मिळतं. पुढल्या डिसेंबरात मेलबर्नवर पुन्हा लिहाल, तेव्हा क्रिकेटच्या मजकुरातून दोन ओळी कमी करून या दहा नंबरवाल्याला जागा द्यावी, ही विनंती.

आपला नियमित वाचक,
सांगली