आधी नाडी, मग केसपेपर: आरोग्यमंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
मा. मंत्री महोदय,
सार्वजनिक आरोग्य विभाग, महाराष्ट्र राज्य

विषय: शासकीय रुग्णालयांच्या अपघात विभागात रुग्णांचा अग्रक्रम तातडीनुसार ठरवण्याबाबत

महोदय,

सविनय नमस्कार.

शासकीय सेवेत मी अधिपरिचारिका (स्टाफ नर्स) म्हणून रुजू झाले आणि परिसेविका (वॉर्डची प्रमुख सिस्टर) म्हणून निवृत्त झाले. नोकरीचा मोठा काळ अपघात विभागात, म्हणजे सगळे ज्याला कॅज्युअल्टी म्हणतात तिथे, गेला. या पत्रातून मला नवी इमारत, नवे यंत्र किंवा नवी योजना मागायची नाही. कॅज्युअल्टीच्या दारात आलेल्या रुग्णाची आधी नाडी पाहिली जावी आणि केसपेपर नंतर निघावा, एवढेच मागणे आहे.

मी जिथे जिथे काम केले, तिथे क्रम याच्या उलट होता. रिक्षातून उतरवलेल्या रुग्णाला बाकावर बसवायचे, नातेवाइकाने खिडकीवर जाऊन नाव, वय, पत्ता सांगायचा, केसपेपर घेऊन वैद्यकीय अधिकाऱ्यांच्या टेबलापाशी यायचे आणि तिथल्या घोळक्यातून वाट काढायची. टेबलामागे डॉक्टर बहुधा एकच. त्यांच्या हाताखाली एखाद्या एमएलसीचे, म्हणजे पोलिसांना कळवावे लागणाऱ्या वैद्यकीय-कायदेशीर प्रकरणाचे, लिखाण अर्धवट पडलेले आणि समोर पोलीस उभा. अशा वेळी ज्याच्यासोबत दहा माणसे आहेत, ज्याचा आवाज मोठा आहे किंवा ज्याच्यासाठी कुणा साहेबांचा फोन आला आहे, त्याचा नंबर आधी लागतो. १५ ऑगस्ट २०२३ पासून आपल्या विभागाच्या रुग्णालयांतील उपचार निःशुल्क झाले, त्यामुळे केसपेपरच्या पैशांसाठी कुणाला थांबवण्याचे कारणही आता उरलेले नाही. सवय मात्र उरली आहे.

जो जास्त ओरडतो तो जास्त गंभीर, हा समज कॅज्युअल्टीत फार महाग पडतो. पावसाळ्यात कोणत्याही तालुक्याच्या गावी दिसणारे उदाहरण घ्या. मोटरसायकलवरून पडलेला तरुण येतो, कपाळावरच्या जखमेतून रक्त वाहते आहे, सोबतची मंडळी आरडाओरडा करत आहेत. त्याच वेळी एक शेतमजूर बाई पोट दुखते म्हणून बाकावर मुकाट बसली आहे. तरुण शुद्धीवर आहे, नाडी आणि रक्तदाब ठीक आहेत; दाबपट्टी बांधली आणि मधूनमधून लक्ष ठेवले, तर टाक्यांसाठी तो थोडा थांबू शकतो. बाईला मात्र रात्री झोपेत मण्यार चावलेली असू शकते. मण्यारीच्या दंशाची जागा पुष्कळदा सुजत नाही, दुखतही नाही आणि दातांच्या खुणा सहसा सापडत नाहीत. काही तासांत पापण्या जड होतात, बोलणे अडखळते, गिळता येईनासे होते आणि शेवटी श्वासाचे स्नायू थकतात. अनुभवी सिस्टर तिला दोनच गोष्टी विचारते: ‘रात्री जमिनीवर झोपला होता का?’ आणि ‘जरा वर बघा बरं.’ वर बघताना पापण्या पुरत्या उचलल्या गेल्या नाहीत, तर ती बाई त्या खोलीतली पहिली रुग्ण ठरते, मग तिचा केसपेपर निघालेला असो वा नसो.

विंचवाचेही असेच आहे. कोकणात काम केलेल्या कुणालाही विचारा: दंशाच्या वेदनेने थयथयाट करणारा, पण हातपाय गरम असलेला रुग्ण सहसा धोक्याबाहेर असतो. घामाने निथळणारे, हातपाय गार पडलेले, गप्प झालेले मूल मात्र क्षणभरही थांबवता येत नाही. मधुमेही माणूस ‘अ‍ॅसिडिटी झाली आहे’ असे सांगत येतो आणि त्याचा ईसीजी पहिल्या दहा मिनिटांत काढला, तरच हृदयविकाराचा झटका वेळेत हाती लागतो. अशा माणसाला रांगेत उभे करणारी व्यवस्था कितीही शिस्तीची दिसली, तरी ती चुकीची आहे.

यावरचा उपाय जगात जुना आहे. नेपोलियनच्या सैन्यातील शल्यचिकित्सक लॅरे यांनी जखमींचा हुद्दा न पाहता जखमेची गंभीरता पाहून उपचाराचा क्रम लावला. आज ज्याला ट्रायाज म्हणतात त्याचे मूळ तिथे सांगितले जाते. ब्रिटनमधील मँचेस्टर पद्धतीत पाच रंग आहेत: लाल रुग्णाला लगेच, नारिंगीला १० मिनिटांत, पिवळ्याला ६० मिनिटांत, हिरव्याला १२० मिनिटांत आणि निळ्याला २४० मिनिटांत डॉक्टरांनी पाहावे, असे तिचे उद्दिष्ट असते. दक्षिण आफ्रिकेने डॉक्टर कमी आणि गर्दी जास्त, ही स्थिती गृहीत धरून आपली पद्धत बसवली. तिथे परिचारिका श्वास, नाडी, रक्तदाब, तापमान, शुद्ध आणि रुग्ण चालत आला की उचलून आणला, यांना गुण देऊन रंग ठरवते. दिल्लीच्या एम्सने लाल, पिवळा, हिरवा अशी तीन रंगांचीच पद्धत तयार केली आहे. आपल्या जिल्हा व उपजिल्हा रुग्णालयांना हीच झेपेल, असे माझे मत आहे. जिथे डॉक्टर एक, तिथे पाच रंगांचा हिशेब कागदावरच राहील.

यात परिचारिकेने निदान करायचे नसते, हे स्पष्ट करते, कारण डॉक्टर मंडळींची पहिली हरकत तीच असते. तिने दोन-तीन मिनिटांत श्वास मोजायचे, नाडी, रक्तदाब आणि ऑक्सिजन पाहायचा, ठरावीक प्रश्न विचारायचे आणि मनगटाला रंगाची पट्टी बांधायची. शंका आली तर वरचा रंग द्यायचा. हिरवी पट्टी बांधून बसवलेला माणूस तासाभराने पिवळा होऊ शकतो, म्हणून बाकावरच्यांना पुन्हा पुन्हा पाहणे हे या कामाचा अर्धा भाग आहे, आणि घाईत नेमके तेच सुटते.

आता अडचणीबद्दल. तीन पाळ्या, साप्ताहिक सुट्या आणि रजा धरल्या, तर दारावरच्या एका जागेसाठी निदान पाच परिचारिका लागतात. त्या न देता नुसते परिपत्रक निघाले, तर काय होईल ते मी आजच सांगू शकते: दारावर ‘ट्रायाज’ अशी पाटी लागेल, खाली टेबल-खुर्ची येईल आणि खुर्चीवरच्या सिस्टरला पहिल्याच तासात इंजेक्शनच्या खोलीत बोलावले जाईल. म्हणून आदेशात दोन गोष्टी लेखी हव्यात. या परिचारिकेला त्या पाळीत दुसरे काम देऊ नये आणि तिने लाल पट्टी बांधलेल्या रुग्णाकडे वैद्यकीय अधिकाऱ्यांनी हातातले काम ठेवून जावे. प्रत्येक रुग्णाच्या आगमनाची आणि डॉक्टरांनी पाहिल्याची वेळ नोंदवून, लाल रुग्ण किती मिनिटे थांबले हे जिल्हा शल्यचिकित्सकांनी दर महिन्याला तपासावे.

कायद्याचा आधार शोधावा लागणार नाही. परमानंद कटारा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्येच सांगितले की जीव वाचवणे आधी, पोलिसी सोपस्कार नंतर. पश्चिम बंगालमध्ये रेल्वेतून पडलेल्या एका शेतमजुराला एकामागून एक सरकारी रुग्णालयांनी परत पाठवले, त्या प्रकरणात १९९६ साली न्यायालयाने तातडीचा उपचार वेळेवर न देणे हा जगण्याच्या हक्काचा भंग ठरवला. शासकीय वैद्यकीय महाविद्यालयांची रुग्णालये वैद्यकीय शिक्षण विभागाकडे आणि मुंबईतील केईएम, सायनसारखी रुग्णालये महापालिकेकडे आहेत, हे मला माहीत आहे. पण १०८ ची रुग्णवाहिका रुग्णाला नेताना खाते पाहत नाही, तेव्हा रंगांची भाषा सर्वत्र एकच असावी, यासाठी पुढाकार आपणच घ्यावा.

डॉक्टरांवरील हल्ल्यांचा प्रश्नही इथे येतो. २०१० च्या कायद्याने हे हल्ले अजामीनपात्र गुन्हा ठरवले, तरी ते थांबलेले नाहीत. हल्लेखोरांची बाजू मी घेत नाही. पण आपल्या माणसाला कुणी पाहिलेलेच नाही, असे वाटून तासभर उभा राहिलेला नातेवाईक आणि ‘तपासले आहे, पट्टी हिरवी आहे, तुमच्या आधी दोन लाल आहेत, त्रास वाढला तर लगेच मला सांगा’ हे ऐकलेला नातेवाईक, यांच्या वागण्यात किती फरक पडतो, ते मी पाहिले आहे.

शेवटची विनंती थोडी अवघड आहे. लोकप्रतिनिधींच्या आणि त्यांच्या स्वीय सहायकांच्या फोनमुळे हिरव्या रुग्णाला लाल रुग्णाच्या आधी पाहावे लागणे ही कॅज्युअल्टीत नवलाची गोष्ट राहिलेली नाही. फोनवरून विचारपूस जरूर व्हावी, पण बांधलेली पट्टी फोनवरून बदलणार नाही, असे एक वाक्य आपल्या सहीच्या आदेशात असावे आणि त्याची प्रत विधानसभा व विधान परिषदेच्या सर्व सदस्यांना पाठवावी.

आपली विश्वासू,
एक निवृत्त परिसेविका